दोषारोप ठेवला, आता वरच्या कोर्टात जायचं का?

सावित्री महाबळेश्वरावरून उतरते, पोलादपूर आणि महाड मागे टाकून सवच्या गरम पाण्याच्या झऱ्यांपाशी येते आणि पुढे दासगाव, आंबेत करत बाणकोटला समुद्राला मिळते. यातलं आंबेत हे बॅरिस्टर अ. र. अंतुले यांचं गाव. फौजदारी खटल्यात कोर्टाने दोषारोप ठेवला तर त्या आदेशाविरुद्ध वर जाता येतं का, या प्रश्नाचं आज देशभर चालणारं उत्तर अंतुल्यांच्या बदनामीच्या खटल्यातून आलं. पुढे अंतुले स्वतः आरोपी झाले आणि याच विषयावर आणखी दोन महत्त्वाचे निकाल लागले. सव-महाडच्या वाचकाला हा विषय समजून घ्यायला फार लांब जायला नको.

२७ सप्टेंबर १९७४ रोजी मधू लिमये यांनी दिल्लीत पत्रकार परिषद घेऊन अंतुल्यांवर आरोप केले. अंतुले तेव्हा राज्याचे कायदामंत्री होते. मंत्र्याच्या सरकारी कामाबद्दल बदनामी झाली तर सरकारी वकिलाला थेट सत्र न्यायालयात फिर्याद करता येते, तशी ती मुंबईत झाली. लिमये यांची हरकत होती की आपलं बोलणं मंत्र्याच्या सरकारी कामाबद्दलचं नव्हतंच, त्यामुळे ही फिर्याद थेट सत्र न्यायालयात चालू शकत नाही. न्यायाधीशांनी हरकत फेटाळली आणि दोषारोप ठेवला. लिमये उच्च न्यायालयात गेले, तर तिथे दारातच अडले. १ एप्रिल १९७४ पासून नवी फौजदारी प्रक्रिया संहिता लागू झाली होती आणि तिच्या कलम ३९७(२) ने अंतरिम आदेशाविरुद्ध रिव्हिजन, म्हणजे पुनरीक्षण अर्ज, करायला बंदी घातली होती. दोषारोप ठेवल्याने खटला संपत नाही, म्हणून हा अंतरिम आदेश, असं उच्च न्यायालयाने धरलं.

३१ ऑक्टोबर १९७७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते फिरवलं. आदेश अंतिम नाही एवढ्याने तो अंतरिम ठरत नाही, दोहोंच्या मध्ये एक तिसरा प्रकार असतो, असं न्यायालयाने सांगितलं. आरोपीची हरकत मान्य झाली असती तर खटला तिथेच संपला असता. मग ती फेटाळणाऱ्या आदेशाला निव्वळ अंतरिम म्हणता येत नाही. शिवाय उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार या बंदीने पुसला जात नाही. आज तुमचे वकील ‘चार्जला चॅलेंज करू’ म्हणतात, तेव्हा ते या निकालावर उभे असतात. कलमांचे आकडे तेवढे बदलले. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत रिव्हिजनचं कलम ४३८ आहे आणि अंगभूत अधिकाराचं ५२८. त्या तारखेला जे खटले आधीच चालू होते, ते जुन्या संहितेप्रमाणे पुढे चालतात. म्हणून आपल्या कागदांवर ३९७, ४८२ हे आकडे दिसले तर घाबरून जाऊ नका.

आता जमिनीवरची गोष्ट. ‘चार्ज लागला’ म्हणजे शिक्षा लागली, असा आपल्याकडे समज असतो. सोयरीक जमत असेल तर पाहुणे मागे फिरतात, निवडणुकीत विरोधक तेवढंच धरून बसतात. प्रत्यक्षात दोषारोप म्हणजे कोर्टाने आरोपीला सांगणं, की अमुक दिवशी, अमुक ठिकाणी, अमुक कृत्य केल्याचा आणि त्यासाठी अमुक कलमाचा गुन्हा केल्याचा तुमच्यावर आरोप आहे, तो कबूल आहे का? आरोपी बहुतेक वेळा ‘कबूल नाही’ म्हणतो आणि पुराव्याची तारीख पडते. पोलिसांचं चार्जशीट वेगळं आणि कोर्टाने ठेवलेला दोषारोप वेगळा. पोलिसांनी दहा कलमं लावली तरी कोर्ट चारच ठेवू शकतं, किंवा नवं एखादं जोडू शकतं. आव्हान द्यायचं ते कोर्टाच्या या आदेशाला.

त्याच्या आधीची पायरी मात्र अनेकांच्या हातून निसटते. ती म्हणजे डिस्चार्जचा अर्ज: ‘माझ्यावर खटला चालवण्याइतकं या कागदांत काही नाही, मला दोषारोप न ठेवता सोडा.’ नव्या संहितेने या अर्जाला मुदत घातली आहे. महाडच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर चालणारा, पोलीस चार्जशीटवरचा वॉरंट खटला असेल, तर चार्जशीटच्या नकला मिळाल्यापासून ६० दिवस (कलम २६२). खून, मनुष्यवध, बलात्कार अशा गुन्ह्यांत न्यायदंडाधिकारी खटला सत्र न्यायालयाकडे, म्हणजे आपल्या भागात बहुधा माणगावला, वर्ग करतात. तिथे ज्या दिवशी वर्ग केलं त्या दिवसापासून ६० दिवस (कलम २५०). नकला आरोपी हजर झाल्यापासून १४ दिवसांत द्यायच्या असतात. नकला कधी मिळाल्या ती तारीख रोजनाम्यात नोंदलेली आहे ना, हे त्याच दिवशी बघून घ्या. जबाब, पंचनामे, वैद्यकीय दाखले, रासायनिक विश्लेषणाचा अहवाल, यातलं काही मिळालं नसेल तर तसा लेखी अर्ज द्या. तोंडी तक्रारीची नोंद कुठेच राहत नाही.

चेक परत आल्याचे आणि इतर समन्स खटले यातून वगळा. त्यात औपचारिक दोषारोप ठेवला जात नाही, डिस्चार्जची पायरीही नाही. प्रोसेसच, म्हणजे समन्स काढण्याचा आदेशच, चुकीचा असेल तर त्याविरुद्ध रिव्हिजन किंवा उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार या वाटा उरतात. चेकच्या केसमध्ये डिस्चार्जसाठी पैसे मोजणारे लोक अजूनही भेटतात.

डिस्चार्ज अर्ज फेटाळला आणि दोषारोप ठेवला, तर त्याच कोर्टात पुन्हा डिस्चार्ज मागता येत नाही. दोषारोप एकदा ठेवला की त्या कोर्टापुरता खटला निर्दोष किंवा दोषी अशा निकालानेच संपतो. मग वरची वाट. महाडच्या न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्ध रिव्हिजन सत्र न्यायालयात होते, उच्च न्यायालयातही होऊ शकते. सत्र न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध ती मुंबई उच्च न्यायालयातच करावी लागते. मुदत आदेशापासून ९० दिवसांची. प्रमाणित नक्कल मिळायला लागलेला वेळ त्यातून वजा होतो, म्हणून नकलेचा अर्ज आदेशाच्या दिवशीच टाकावा. उशीर झालाच तर कारण देऊन तो माफ करून घेता येतो, पण कारण खरं आणि कागदाने दाखवता येण्याजोगं हवं. २०२१ च्या जुलैत महाडमध्ये पाणी घरांत शिरलं तेव्हा अनेकांची दप्तरं भिजून गेली. असं कारण कोर्ट समजून घेतं. ‘वकील आजारी होते’ हे दर वेळी घेत नाही.

रिव्हिजन एकदाच मिळते. सत्र न्यायालयात हरलात तर तोच माणूस दुसरी रिव्हिजन घेऊन उच्च न्यायालयात जाऊ शकत नाही. तेव्हा कलम ५२८ चा अर्ज किंवा घटनेच्या अनुच्छेद २२७ खालची याचिका करावी लागते आणि तिथे उच्च न्यायालय हात राखून वागतं. माणगावला जायचं की थेट मुंबईला, हा निर्णय म्हणूनच जवळ-लांब बघून घेऊ नये. मुद्दा एखाद्या जबाबाच्या वाचनाचा असेल तर सत्र न्यायालय पुरेसं असतं आणि खर्चही झेपतो. कायद्याचा मोठा प्रश्न असेल तर मुंबईचा विचार करा.

काही खास कायद्यांत वाट बदलते. ॲट्रॉसिटी कायद्याच्या विशेष न्यायालयाने दिलेल्या, अंतरिम नसलेल्या आदेशाविरुद्ध कलम १४-अ प्रमाणे उच्च न्यायालयात अपील करायचं असतं. तिथे रिव्हिजन दाखल करून बसलात तर महिने वाया जातात. तलाठी, ग्रामसेवक, वायरमन यांच्यावरच्या लाचेच्या सापळ्याच्या खटल्यांत भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याचं कलम १९ अंतरिम आदेशांवरची रिव्हिजन रोखतं. तरीही, दोषारोपाचा आदेश निव्वळ अंतरिम नाही आणि अगदी विरळ प्रसंगी उच्च न्यायालय त्यात लक्ष घालू शकतं, असं सर्वोच्च न्यायालयाने २८ मार्च २०१८ च्या एशियन रिसरफेसिंग निकालात सांगितलं. त्यातला ‘विरळ’ हा शब्द वकिलाकडून पुन्हा एकदा वाचून घ्यावा.

वर गेल्यावर काय तपासलं जातं, यात आरोपी आणि त्याचे घरचे सर्वांत जास्त फसतात. त्यांच्या मनात असतं, हायकोर्टाला सगळं खरं खरं सांगू. फिर्यादी खोटारडा आहे, भाऊबंदकीचा वाद आहे, मी त्या दिवशी गावातच नव्हतो. या टप्प्यावर हे कोणी ऐकत नाही. वरचं कोर्ट चार्जशीटमधले कागद घेतं, त्यातलं सगळं खरं आहे असं क्षणभर धरतं आणि विचारतं: एवढं खरं धरूनही हा गुन्हा होतो का? संशय असेल तर तो दाट आहे का? १९७८ च्या प्रफुल्लकुमार सामल निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की न्यायाधीशाने टपालखात्यासारखं फक्त पुढे ढकलायचं नसतं, पुरावा चाळायचा असतो. पण निकाल देताना तोलतात तसा तोलायचाही नसतो. नुसता संशय असेल तर सोडावं, दाट संशय असेल तर खटला चालवावा.

आरोपीकडचे कागदही या वेळी सहसा बघितले जात नाहीत. मुंबईतल्या कंपनीचा हजेरीपट, एसटीचं तिकीट, मोबाइलचं लोकेशन, हे सगळं बचावाच्या वेळचं. ओडिशातल्या देवेंद्रनाथ पाढी यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. अपवाद आहेत, पण अरुंद. गोव्यातल्या एका खटल्यात २००८ साली न्यायालयाने म्हटलं की बचावाचा कागद फिर्यादीची गोष्टच हास्यास्पद ठरवत असेल, तर अगदी क्वचित तो बघता येईल. तपास अधिकाऱ्याने स्वतः जमवलेला पण चार्जशीटला न जोडलेला, निर्विवाद दर्जाचा कागद असेल, तर तो मागवण्याची विनंतीही करता येते. सीसीटीव्हीचं चित्रण पोलिसांनी ताब्यात घेतलं आणि चार्जशीटमध्ये ते नाही, असं झालं असेल तर पंचनामा नीट वाचा. ते ताब्यात घेतल्याची ओळ तिथे असते.

तर मग जिंकतो कोण? ज्याच्या कागदांत गुन्ह्याचा एखादा आवश्यक घटकच नाही, तो. बांधावरच्या मारामारीचं उदाहरण घ्या. फिर्यादीत ‘गंभीर दुखापत’ लिहिलंय आणि दोषारोपही त्याच कलमाचा ठेवला. वैद्यकीय दाखल्यात मात्र खरचटणं, मुका मार. हाड मोडलेलं नाही, दात पडलेला नाही, पंधरा दिवस तीव्र वेदना झाल्याचं किंवा नेहमीची कामं करता न आल्याचं काही नाही, कलमातला दुसरा कुठलाही प्रकार नाही. मग भारतीय न्याय संहितेच्या ११६ व्या कलमातली ‘गंभीर’ दुखापत उभी राहत नाही. खटला राहील, पण हलक्या कलमाचा, आणि शिक्षेच्या मर्यादेत वर्षांचा फरक पडेल.

दुसरा नेहमीचा प्रकार विवाहितेच्या छळाचा. नवरा-बायको मुंबईजवळ डोंबिवली-विरारकडे राहतात आणि फिर्यादीत पोलादपूरच्या गावी राहणारे चुलत दीर, मोठी नणंद, तिचा नवरा, सगळ्यांची नावं. ‘सर्वांनी मिळून छळ केला’ एवढ्या एका वाक्यावर दूरच्या नातेवाइकांना खटल्यात ओढू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलं आहे. अशा वेळी सगळ्या घराचा एकच अर्ज करू नका. प्रत्येक आरोपीचं नाव घेऊन, त्याच्याबद्दल कोणत्या जबाबाच्या कोणत्या पानावर काय म्हटलंय, हे वेगवेगळं मांडा. ज्याच्याबद्दल तारीख, ठिकाण आणि कृत्य सांगितलेलं आहे, तो बहुधा सुटणार नाही. त्याच्या शेजारी उभं राहिल्याने बाकीचे अडकतात. गावकीच्या बहिष्काराच्या खटल्यांत, २०१६ च्या सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायद्याखाली, हीच गोष्ट उलट्या बाजूने दिसते. बैठकीत कोण बसलं होतं, ठराव कोणी मांडला, कोणी दंड सांगितला, हे जबाबात आलं असेल तर आरोप टिकतो. नुसती ‘पंचमंडळी’ म्हटली असेल तर ढिला पडतो. पीडित कुटुंबाने जबाब देतानाच हे ध्यानात ठेवावं.

या भागात आणखी एक वाद वारंवार येणार आहे: माणसं मेली, तर तो निष्काळजीपणा की मनुष्यवध? २४ ऑगस्ट २०२० ला महाडची तारिक गार्डन कोसळली, १६ जण गेले, आणि बिल्डर, वास्तुविशारद, पालिकेचे अधिकारी यांच्यावर गुन्हा नोंदला गेला. नोव्हेंबर २०२३ मध्ये महाड एमआयडीसीतल्या एका औषध कारखान्यात स्फोट होऊन ११ कामगार मेले. या खटल्यांच्या गुणदोषात मी इथे शिरत नाही. पण अशा प्रत्येक घटनेत दोषारोपाच्या दिवशी भांडण याच कलमावर होतं. जुन्या कायद्यात निष्काळजीपणाला (३०४-अ) जास्तीत जास्त दोन वर्षं होती, सदोष मनुष्यवधाच्या दुसऱ्या भागाला दहा. नव्या संहितेत कलम १०६ ला पाच वर्षं आणि १०५ ला दहा वर्षांपर्यंत किंवा, हेतू असेल तर, जन्मठेपेपर्यंत. फरक एका गोष्टीने पडतो: या कृत्याने माणूस मरू शकतो हे आरोपीला माहीत होतं, असं कागदांत कुठे दिसतं का?

भोपाळच्या वायुकांडात हाच प्रश्न देशासमोर आला होता. भोपाळच्या कोर्टाने युनियन कार्बाइडच्या भारतीय अधिकाऱ्यांवर मनुष्यवधाचा दोषारोप ठेवला, उच्च न्यायालयाने तो कायम केला, आणि १३ सप्टेंबर १९९६ रोजी केशुब महिंद्र यांच्या अपिलात सर्वोच्च न्यायालयाने तो उतरवून ३०४-अ वर आणला. कारखान्यात दोष होते हे कागदांत होतं. पण त्या रात्री तो चालवल्याने माणसं मरतील हे आरोपींना ठाऊक होतं, असं कागदांत नव्हतं, असा तो निकाल. माझ्या मते या निकालाने भोपाळकरांचं जे झालं त्याची भरपाई कधीच झाली नाही. २०१० मध्ये शिक्षा झाली ती दोन वर्षांची. सीबीआयने तो निकाल बदलण्यासाठी केलेली याचिका मे २०११ मध्ये फेटाळताना सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की १९९६ चा निर्णय तेव्हाच्या कागदांवरचा होता; नंतर पुरावा आला असता तर खालचं कोर्ट दोषारोप बदलू शकत होतं, त्याला कोणी अडवलं नव्हतं. महाडमधल्या मृतांच्या नातेवाइकांनी हे वाक्य सरकारी वकिलांना दाखवावं. तपासात आधीच्या नोटिसा, तपासणी अहवाल, कामगारांच्या लेखी तक्रारी जोडल्या गेल्या आहेत का, हे चार्जशीट दाखल होण्यापूर्वी विचारायचं असतं. ‘माहीत होतं’ हे दाखवणारा कागद तोच असतो.

उलट बाजूही बघा. सलमान खानच्या २००२ च्या अपघाताच्या खटल्यात सत्र न्यायालयाने मनुष्यवधाचं कलम ठेवलं, २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ते काढलं, आणि त्याच वर्षी डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की या टप्प्यावर उच्च न्यायालयाने एवढ्या खोलात जायला नको होतं; पुरावा काय येतो ते बघून खालचं कोर्ट ठरवेल. पुढे साक्षी झाल्यावर ते कलम परत आलं. २०१५ मध्ये सत्र न्यायालयाने शिक्षा दिली आणि त्याच वर्षी उच्च न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं. दोषारोपाच्या टप्प्यावर मिळालेला विजय असा परत जाऊ शकतो. कारण दोषारोप निकाल जाहीर होईपर्यंत केव्हाही बदलता येतो (नव्या संहितेत कलम २३९), आणि बदलला तर साक्षीदार पुन्हा बोलावता येतात.

याच कलमामुळे बारीकसारीक चुकांसाठी वर धावायचं कारण नाही. दोषारोपात तारीख चुकली, गावाचं नाव चुकलं, ‘सव’च्या जागी भलतंच छापलं, तर ते त्याच कोर्टाच्या नजरेस आणून द्या. दुरुस्ती करायची की नाही हे कोर्ट ठरवतं, तो पक्षकाराचा हक्क नाही. पण साधी चूक असेल तर कोर्ट सहसा ती सुधारून घेतं. आणि नाही सुधारली तरी तेवढ्याने खटला पडत नाही. चुकीमुळे आरोपीची दिशाभूल होऊन अन्याय झाला, हे दाखवावं लागतं.

पुन्हा अंतुल्यांकडे. मुख्यमंत्रिपद गेल्यावर, भाजपचे रामदास नायक यांच्या फिर्यादीवरून त्यांच्यावर खटला चालला. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये तो विशेष न्यायाधीशाकडून काढून उच्च न्यायालयाकडे दिला. फिर्यादीने ४३ दोषारोपांचा मसुदा दिला, न्यायाधीशांनी २१ ठेवले आणि २२ मधून अंतुल्यांना सोडलं. फिर्यादी गप्प बसला नाही. १७ एप्रिल १९८६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या २२ पैकी बहुतेकांबाबतची सुटका चुकीची ठरवली. म्हणजे दोषारोपाचं आव्हान ही फक्त आरोपीची सोय नाही. फिर्यादीलाही डिस्चार्जविरुद्ध वर जाता येतं. ॲट्रॉसिटीच्या खटल्यात तर पीडिताला डिस्चार्जच्या सुनावणीतच म्हणणं मांडायचा हक्क कलम १५-अ ने दिला आहे; नोटीस आली नाही असं कळलं तर लगेच लेखी अर्ज करा. आणखी एक बारकावा फिर्यादीच्या उपयोगाचा: डिस्चार्ज देताना कोर्टाला कारणं लिहावीच लागतात. कारणांशिवाय दिलेला डिस्चार्ज वर टिकायला कठीण.

पुढे अंतुल्यांवर ७९ दोषारोप ठेवले गेले. आता ते गेले सर्वोच्च न्यायालयात. आरोप खोटे आहेत हा वाद त्यांनी तिथे घातला नाही. त्यांचा मुद्दा एवढाच की १९५२ च्या कायद्याप्रमाणे असे खटले फक्त विशेष न्यायाधीशाने चालवायचे. उच्च न्यायालयाला हा अधिकारच नव्हता आणि खटला तिथे नेल्यामुळे माझा अपिलाचा एक टप्पा गेला. २९ एप्रिल १९८८ रोजी सात न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने हे मान्य केलं, स्वतःच्याच न्यायालयाचा १९८४ चा आदेश मागे घेतला, आणि उच्च न्यायालयात झालेलं सगळं कोसळलं. ७९ दोषारोपांपैकी एकाच्याही खरेखोटेपणाला हात न लावता.

म्हणून वकिलाला पहिला प्रश्न हा विचारा: आपला मुद्दा कायद्याचा की वस्तुस्थितीचा? अधिकारक्षेत्र, लागणारी पूर्वमंजुरी, मुदत उलटल्यावर घेतलेली दखल, कलमातला गहाळ घटक, एखाद्या आरोपीबद्दल एकही शब्द नसणं, हे कायद्याचे मुद्दे. यासाठी जरूर जा. फिर्यादी खोटं बोलतोय, पंच फुटलेला आहे, वैर जुनं आहे, हे वस्तुस्थितीचे मुद्दे; ते उलटतपासणीत सोन्याच्या किमतीचे असतात आणि रिव्हिजनमध्ये वाया जातात. वाया जातात इतकंच नाही, सरकार पक्षाला तुमचा बचाव वर्षभर आधी कळतो. हायकोर्टाचं नाव ऐकूनच होकार देणाऱ्या पक्षकारांनी एवढा विचार करावा.

रिव्हिजन दाखल झाली म्हणून खालचा खटला थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती मिळाल्याचा आदेश खालच्या कोर्टात दाखल करावा लागतो. २०१८ च्या एशियन रिसरफेसिंग निकालाने अशी स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल असं ठरवलं होतं. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने ते रद्द केलं. स्थगिती मिळेपर्यंत मात्र महाड-माणगावच्या तारखांना हजर राहायचं. ‘हायकोर्टात केस आहे’ म्हणून तारीख चुकवणाऱ्याच्या नावाने वॉरंट निघतं आणि ते घेऊन हवालदार ऐन जेवणाच्या वेळी दारात येतो.

बरोबर न्यायचे कागद म्हणजे एफआयआर, संपूर्ण चार्जशीट, डिस्चार्जचा अर्ज, त्यावर सरकार पक्षाचं म्हणणं, फेटाळल्याचा आदेश, कोर्टाने ठेवलेला दोषारोप त्याच्या निशाणी क्रमांकासह आणि रोजनाम्याची नक्कल. मराठी जबाबांचं इंग्रजी भाषांतर उच्च न्यायालयात लागू शकतं, त्याचा खर्च आधी विचारून घ्या. सोळा अक्षरांचा सीएनआर क्रमांक लिहून ठेवा. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तारीख आणि आदेश घरबसल्या दिसतात, तारीख विचारायला दर वेळी वकिलाच्या कार्यालयात खेप घालायला नको.

पैशाची अडचण असेल तर विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ चं कलम १२ बघा. स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, कोठडीतले आरोपी यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. इतरांना उत्पन्न मर्यादेत असेल तर. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे किंवा अलिबागच्या जिल्हा प्राधिकरणाकडे करावा. उच्च न्यायालयातल्या कामासाठी मुंबईला उच्च न्यायालयाची स्वतंत्र समिती आहे.

आणि रिव्हिजन फेटाळली गेलीच, तर त्या आदेशातल्या ‘प्रथमदर्शनी’ या शब्दावर बोट ठेवून घरी रडत बसू नये. वरच्या कोर्टाने त्या टप्प्यावर मांडलेलं मत खालच्या कोर्टाला निकाल देताना बांधत नाही, आणि बहुतेक आदेशांत तसं लिहिलेलं असतं. नसेल तर सुनावणी संपतानाच वकिलामार्फत ते लिहून मागावं. त्याच वेळी खटला ठरावीक मुदतीत संपवण्याचे निर्देशही मागता येतात. मग पुढच्या तारखेला पहिला साक्षीदार कोण येणार आहे ते विचारायचं आणि त्याचा जबाब घेऊन वकिलासमोर बसायचं.